पर्जन्यमापकाची साक्ष : पश्चिम भारतातील पावसाच्या नोंदी आणि हवामानबदलाचा प्रश्न

२६ जुलै २००५ रोजी सकाळी साडेआठपासून दुसऱ्या दिवशी सकाळी साडेआठपर्यंतच्या चोवीस तासांत मुंबईतील सांताक्रूझ वेधशाळेच्या पर्जन्यमापकात ९४४.२ मिलिमीटर पाऊस नोंदला गेला. त्याच चोवीस तासांत कुलाबा वेधशाळेत पडलेला पाऊस ७३.४ मिलिमीटर एवढाच होता. दोन्ही ठिकाणे एकाच शहरातील. त्यांमधील अंतर फार तर वीस-पंचवीस किलोमीटर. मिठी नदीकाठच्या वस्त्या पाण्याखाली गेल्या, लोहमार्ग बंद पडले, आणि महाराष्ट्रात त्या अतिवृष्टीने, पुराने व दरडी कोसळल्याने सुमारे एक हजार माणसे मृत्युमुखी पडली. कुलाब्याच्या नोंदवहीत मात्र तो दिवस जुलै महिन्यातील एखाद्या बऱ्यापैकी पावसाळी दिवसाहून निराळा दिसत नाही.

हे दोन आकडे शेजारी-शेजारी ठेवले म्हणजे इतिहासाच्या अभ्यासकापुढे एक मोठी अडचण उभी राहते. कुलाबा हे पश्चिम भारतातील पाऊस मोजण्याचे सर्वांत जुने आणि सर्वांत विश्वसनीय ठाणे होय. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापासूनची तेथील नोंद अभ्यासकांना उपलब्ध आहे. परंतु १८५५ साली साष्टीच्या भातखाचरांवर असाच पाऊस कोसळला असता, तर त्याची वार्ता कुलाब्याच्या वहीवरून आज कोणासही लागली नसती. म्हणून 'असा पाऊस पूर्वी कधी झालाच नव्हता' हे विधान जितके अविचाराचे, तितकेच 'असे पाऊस पूर्वीही होतच असत, केवळ ते मोजले गेले नाहीत' हेही विधान निराधार ठरते. पावसाचे स्वरूप बदलले आहे काय, या प्रश्नाचे उत्तर आकाशाकडे पाहून मिळत नाही. ते जुन्या वह्यांतून शोधावे लागते, आणि त्या वह्या कोणी, कशासाठी आणि कोणत्या परिमाणात भरल्या हे आधी पाहावे लागते.

हा प्रश्न आपल्याकडे प्रथमच विचारला जात आहे असेही नाही. गेल्या पावणेदोनशे वर्षांत तो निदान तीनदा गांभीर्याने विचारला गेला, आणि तिन्ही वेळा त्याचे उत्तर निराळे आले. या उत्तरांतील फरकाचे कारण काही अंशी पावसात आहे आणि काही अंशी मोजण्याच्या रीतीत आहे. त्यांपैकी दुसऱ्या कारणाकडे जितके लक्ष जावयास हवे तितके गेलेले नाही.

पाऊस मोजण्याची कल्पना या देशात पाश्चात्यांबरोबर आली असा एक समज आहे. तो खरा नव्हे. कौटिलीय अर्थशास्त्रात सीताध्यक्षाच्या, म्हणजे शेतीवरील अधिकाऱ्याच्या कर्तव्यांचे विवेचन करताना निरनिराळ्या प्रदेशांतील पर्जन्याचे मान द्रोण या परिमाणात दिलेले आहे. जांगल प्रदेशास सोळा द्रोण, अवंतीस तेवीस द्रोण असे आकडे देऊन ग्रंथकार अपरान्ताकडे, म्हणजे कोकणपट्टीकडे वळतो, तेव्हा मात्र तो आकडा देत नाही. तेथील पाऊस अमित आहे एवढेच सांगतो. कोकणातील पावसाविषयीचा हा कदाचित सर्वांत जुना शासकीय शेरा असावा. त्याहूनही महत्त्वाचे असे की, ग्रंथकार केवळ एकूण मानावर थांबत नाही. वर्षाकाळाच्या पहिल्या व शेवटच्या महिन्यांत मिळून एक-तृतीयांश आणि मधल्या दोन महिन्यांत दोन-तृतीयांश पाऊस पडावा, म्हणजे तो सम मानावा, असे तो म्हणतो. किती पाऊस पडला याबरोबरच तो कसा विभागून पडला हाही प्रश्न त्याने विचारला. पुढे वराहमिहिराच्या बृहत्संहितेतही एक हात व्यासाच्या पात्रात पाऊस मोजण्याची रीत आढळते. तथापि या रीतीने प्रत्यक्ष मोजलेल्या पावसाचे वर्षानुवर्षांचे आकडे आज हाती नाहीत. मापन होते, पण नोंद उरली नाही.

नोंदीची उणीव लोकस्मृतीने भरून काढली. महाराष्ट्रातील शेतकऱ्याने पाऊस नक्षत्रांत मोजला. मृगाचा, आर्द्रेचा, पुष्याचा, हस्ताचा असे त्याचे भाग पाडले, आणि प्रत्येक नक्षत्राच्या पावसाकडून काय अपेक्षा करावयाची हेही ठरवून टाकले. या पद्धतीचा उल्लेख संशोधक सामान्यतः कौतुकाने करतात आणि पुढे जातात. परंतु हवामानबदलाचा विचार करताना तिच्यातील एक बारकावा ध्यानी घ्यावयास हवा. आपली पंचांगे निरयन आहेत. निरयन वर्ष हे ऋतूंच्या वर्षाहून सुमारे वीस मिनिटांनी मोठे असते, आणि त्यामुळे दर सत्तर-बहात्तर वर्षांनी नक्षत्रे ऋतूंच्या मानाने एक दिवस पुढे सरकतात. आज सूर्य मृग नक्षत्रात ७ किंवा ८ जूनच्या सुमारास प्रवेश करतो. आजच्या दिनदर्शिकेच्या हिशेबाने पाहता, चौदाव्या शतकाच्या अखेरीस हा प्रवेश मे महिन्याच्या शेवटी होत असे. म्हणजे ऋतूत काहीही बदल झालेला नसला, तरी एखाद्या जुन्या आडाख्यातील मृग आणि आजचा मृग हे वर्षातील तेच दिवस नव्हेत. 'पूर्वी अमुक नक्षत्रात पाऊस हटकून येई' या परंपरागत विधानास पुरावा म्हणून स्वीकारताना ते विधान कोणत्या शतकातील आहे हे ठाऊक नसेल, तर आठवड्याभराची चूक सहज होऊ शकते.

दुष्काळांची स्मृती याहून बळकट आहे. इ. स. १३९६ पासून बारा वर्षे दख्खनमध्ये पाऊस पडला नाही, गावेच्या गावे उजाड झाली, अशी दुर्गादेवीच्या दुष्काळाची परंपरा आहे. बारा वर्षे हा आकडा आपल्या पुराणकथांत इतका रूढ आहे की, इतिहासकारांनी त्याकडे संशयाने पाहावे हे स्वाभाविकच होते. परंतु या परंपरेस एका अनपेक्षित दिशेने पाठबळ मिळाले. बस्तरमधील दंडक गुहेत ठिबकणाऱ्या पाण्यातून तळावर वाढत गेलेल्या चुनखडीच्या स्तंभाचा अभ्यास २००७ साली प्रसिद्ध झाला. स्तंभाच्या थरांतील ऑक्सिजनच्या समस्थानिकांच्या प्रमाणावरून इ. स. ६०० ते १५०० या काळातील मोसमी पावसाचे चढउतार त्यात मांडले आहेत. त्यात चौदाव्या शतकात आणि पंधराव्याच्या पूर्वार्धात पाऊस अनेक वर्षे सलग दुर्बळ राहिल्याच्या खुणा दिसतात. बारा वर्षांचा शब्दशः हिशेब यावरून सिद्ध होत नाही, हे उघड आहे. परंतु यंत्रयुगातील नोंदींत ज्याचा अनुभव नाही इतके दीर्घ अवर्षण या देशाने पूर्वी भोगले आहे, एवढे मात्र मान्य करावे लागते. गेल्या दीडशे वर्षांच्या आकड्यांनाच जे सर्वकाळचे प्रमाण मानतात, त्यांनी या स्तंभाची दखल घेणे आवश्यक आहे.

यंत्राने घेतलेल्या नोंदींचा काळ पश्चिम भारतात एकोणिसाव्या शतकाच्या पहिल्या पादात सुरू होतो. मुंबई सरकारचा सांख्यिकी अधिकारी विल्यम हेन्री साइक्स याने दख्खनमधील हवेचा दाब, तापमान आणि पाऊस यांची निरीक्षणे घेऊन १८३५ साली लंडनच्या रॉयल सोसायटीच्या नियतकालिकात प्रसिद्ध केली. ईस्ट इंडिया कंपनीने कुलाबा येथे १८२६ साली वेधशाळा स्थापन केली, ती मूळ खगोलीय वेधांसाठी आणि बंदरातील जहाजांना अचूक वेळ देण्यासाठी. चुंबकीय व हवामानविषयक निरीक्षणे तेथे १८४० नंतर नियमितपणे होऊ लागली. आर्थर ऑर्लेबार यांच्या हाताखाली ही निरीक्षणे घेणाऱ्यांत एक तरुण मराठी गणिती होता, तो म्हणजे केरो लक्ष्मण छत्रे. पुढे पुण्यास अध्यापन करीत असताना छत्र्यांनी 'ग्रहसाधनाची कोष्टके' हा ग्रंथ १८६० साली सिद्ध केला आणि १८६५ च्या सुमारास आबासाहेब पटवर्धन यांच्या साहाय्याने शुद्ध गणिताचे पटवर्धनी पंचांग सुरू केले. नक्षत्रांनी पाऊस मोजणारी परंपरा आणि वायुभारमापक व पर्जन्यमापक यांची नवी परंपरा एकाच माणसाच्या आयुष्यात अशा रीतीने एकत्र आली, याची नोंद आपल्या विज्ञानेतिहासात व्हावी तशी झालेली नाही.

याच सुमारास महाबळेश्वर येथील आरोग्यधामातही पाऊस मोजला जाऊ लागला, आणि घाटमाथा व देश यांतील विलक्षण तफावत आकड्यांत प्रथमच दिसली. महाबळेश्वरी वर्षाकाठी सुमारे सहा हजार मिलिमीटर पाऊस पडतो. तेथून पूर्वेस तीस-बत्तीस किलोमीटरांवर असलेल्या वाईस त्याच्या आठव्या हिश्श्याएवढाही जेमतेम पडतो. एका जिल्ह्याची सरासरी हा आकडा किती फसवा असू शकतो, याचे याहून चांगले उदाहरण सापडणार नाही.

हवामान बदलले आहे काय हा प्रश्न पहिल्यांदा जोराने विचारला गेला तो याच काळात, आणि तो जंगलांच्या संदर्भात. दापोडी येथील सरकारी उद्यानाचे अधीक्षक डॉ. अलेक्झांडर गिब्सन हे १८४७ साली मुंबई इलाख्याचे वनसंरक्षक झाले. कोकणात व घाटात जहाजांसाठी, कोळशासाठी आणि कुमरी शेतीसाठी चाललेल्या वृक्षतोडीने झरे आटतात आणि पाऊसही उणावतो, असे म्हणणाऱ्यांत ते प्रमुख होते. उष्ण कटिबंधातील वृक्षतोडीच्या परिणामांविषयी ब्रिटिश असोसिएशनने नेमलेल्या समितीने १८५१ साली आपला वृत्तांत सादर केला, त्यातही भारतातील अधिकाऱ्यांच्या साक्षी विपुल आहेत. या साक्षींतील बराच भाग झऱ्यांविषयीचा, ओढ्यांविषयीचा आणि मातीविषयीचा आहे, आणि तो बहुधा खराही होता. परंतु पाऊस कमी झाला हे दाखविण्यास लागणारे आकडे त्या वेळी कोणापाशीच नव्हते. झरा आटणे आणि पाऊस उणावणे या दोन गोष्टी भिन्न आहेत, हा विवेक त्या वादात फारसा राहिला नाही. आजही तो राहतोच असे नाही.

आकडे गोळा होऊ लागले ते आपत्तीच्या धाकाने. १८६४ साली कलकत्त्यावर आलेले चक्रीवादळ आणि त्यामागोमाग आलेली अवर्षणे यांनंतर सरकारने १८७५ साली भारतीय हवामान खाते स्थापन केले आणि हेन्री ब्लॅनफर्ड यांस त्याचे प्रमुख नेमले. पुढच्याच वर्षी दख्खनमध्ये दुष्काळ पडला. १८७७ साली संपूर्ण देशाच्या पावसाळ्यातील तूट तीस टक्क्यांच्या जवळपास होती. त्याहून कोरडा पावसाळा १८७१ पासूनच्या मालिकेत दुसरा नाही. लक्षावधी माणसे दगावली. त्याच वर्षी लंडनमध्ये सूर्यावरील डाग आणि दुष्काळ यांचा संबंध जोडणारे लेखन गाजत होते. १८८० च्या दुष्काळ आयोगाने पावसाविषयीची माहिती तत्परतेने मिळाली पाहिजे हे मान्य केले. तालुक्या-तालुक्याच्या कचेऱ्यांतून बसविलेल्या पर्जन्यमापकांचे जाळे महसुली यंत्रणेच्या हाती होते. सकाळी मापक पाहावयाचा, इंच आणि त्याचे शतांश वहीत मांडावयाचे, आणि गोषवारा वर पाठवावयाचा. कचेरीस हवे होते ते एवढेच की, हंगामात पाऊस पुरेसा झाला की नाही, म्हणजे पीक येईल की नाही आणि वसुली होईल की नाही. वहीत दिवसाचा आकडा असे. पण वर जाई, छापला जाई आणि वाचला जाई तो महिन्याचा व हंगामाचा. या प्रशासकीय गरजेने पावसाच्या अभ्यासाचे एकक ठरविले, आणि ते पुढील शंभर वर्षे बदलले नाही.

ब्लॅनफर्ड यांनी जंगलांचा जुना प्रश्न या आकड्यांपुढे नेला. मध्य प्रांतात १८७५ नंतर जंगलांचे संरक्षण सुरू झाले होते. त्याआधीचा व नंतरचा पाऊस ताडून पाहता संरक्षणानंतर पाऊस वाढलेला दिसतो, असे त्यांनी १८८७ साली मांडले. निष्कर्ष आकर्षक होता, परंतु पाया अरुंद होता, कारण दहा-बारा वर्षांच्या चढउतारांतून कारणपरंपरा सिद्ध होत नाही. हिमालयावरील हिवाळी बर्फ आणि त्यापुढील पावसाळा यांच्या संबंधावर आधारलेले त्यांचे पूर्वानुमान मात्र टिकले. १८८६ पासून ते दरवर्षी प्रसिद्ध होऊ लागले. त्यांचे उत्तराधिकारी जॉन इलियट यांनी या पूर्वानुमानास पुष्कळच विस्तार दिला. १८९९ साली त्यांनी चांगल्या पावसाचे भाकीत केले, आणि त्या साली पाऊस असा दगा देऊन गेला की, गुजरात व राजपुतान्यात तो दुष्काळ 'छप्पनिया' या नावाने आजही स्मरणात आहे.

१८९६, १८९९, १९०५ अशा वारंवार आलेल्या अपयशी पावसाळ्यांनी तोच प्रश्न दुसऱ्यांदा उभा केला. देशाचे हवामान कायमचे कोरडे होत चालले आहे, जंगलतोडीचे ते फळ आहे, अशी चर्चा पुन्हा सुरू झाली. खात्याचे नवे प्रमुख गिल्बर्ट वॉकर हे केंब्रिजचे गणिती होते. त्यांनी १९१० साली खात्याच्या स्मरणिकांत 'भारतातील कथित हवामानबदलाविषयीचा हवामानशास्त्रीय पुरावा' या आशयाचा निबंध प्रसिद्ध करून उपलब्ध आकड्यांची छाननी केली. हवामानात कायमचा बदल झाल्याचा पुरावा मिळत नाही, चांगल्या व वाईट वर्षांचे गट एकामागून एक येत असतात आणि अलीकडील तूट हा त्याच स्वरूपाचा एक उतार आहे, असा त्यांचा निर्णय होता. पुढील दशकांतील पावसाने तो यथार्थ ठरविला. विसाव्या शतकात देशाच्या हंगामी पावसाच्या एकूण मानात दीर्घकालीन घट वा वाढ अशी स्पष्ट दिसली नाही.

वॉकर यांचे उत्तर बरोबर होते; परंतु ते त्यांना विचारल्या गेलेल्या प्रश्नाचे उत्तर होते. प्रश्न दुष्काळाचा होता, म्हणून परिमाण हंगामाच्या बेरजेचे होते. शंभर दिवस पडलेला आणि दहा दिवसांत कोसळलेला पाऊस बेरजेत सारखाच दिसतो. बेरीज स्थिर आहे म्हणून पाऊस स्थिर आहे, असा जो अर्थ पुढे पाठ्यपुस्तकांतून रूढ झाला, तो वॉकर यांच्या निबंधातून निघत नाही. त्याचा दोष त्यांच्या माथी मारणे अन्यायाचे होईल.

खात्याचे मुख्य कार्यालय १९२८ साली सिमल्याहून पुण्यास आले. १९४४ साली ते दिल्लीस गेले, तरी पुणेकरांच्या तोंडी त्या वास्तूचे नाव 'शिमला ऑफिस' हेच राहिले आणि देशाच्या पावसाच्या नोंदींचे भांडारही पुण्यातच राहिले. १९६२ साली उष्णप्रदेशीय हवामानशास्त्राची संस्था पुण्यात निघाली. देशभरातील ३०६ ठाण्यांवरून १८७१ पासूनच्या पावसाची एकजिनसी मालिका तेथेच तयार झाली. मालिकेतील सर्वांत ओला पावसाळा १९६१ चा. त्याच वर्षीच्या १२ जुलै रोजी पानशेतचे अपुरे धरण फुटून पुणे शहर वाहून गेले. मात्र तेथे बांधकामाच्या अवस्थेचा प्रश्नही गुंतलेला असल्यामुळे ती आपत्ती केवळ पावसाच्या खात्यावर टाकता येत नाही.

तिसऱ्यांदा प्रश्न विचारला गेला तो मुंबईच्या अतिवृष्टीनंतर, आणि या वेळी एकक बदलले होते. दैनिक नोंदी यंत्रगणकावर उतरविण्याचे दीर्घ काम हवामान खात्यात झाले होते. १८०३ ठाण्यांच्या दैनिक पावसावरून मध्य भारताच्या १९५१ ते २००० या काळाचा अभ्यास बी. एन. गोस्वामी व त्यांच्या सहकाऱ्यांनी २००६ साली प्रसिद्ध केला. दिवसास १०० मिलिमीटरहून अधिक अशा जोरदार पावसाच्या घटना वाढल्या, मध्यम पावसाच्या घटना घटल्या, आणि दोहोंची वजाबाकी होऊन हंगामाची बेरीज जवळजवळ तशीच राहिली, असे त्यांना आढळले. म्हणजे वॉकर यांनी पाहिलेली स्थिरता खरीच होती. परंतु तिच्या पोटात दोन विरुद्ध प्रवाह चालू होते. राजीवन आणि इतरांनी २००८ साली हाच शोध १९०१ पासूनच्या १०४ वर्षांच्या नोंदींपर्यंत मागे नेला आणि जोरदार पावसाच्या वाढीचा संबंध हिंदी महासागराच्या पृष्ठतापमानाशी जोडला. रॉक्सी कोल आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २०१७ साली असे दाखविले की, १९५० ते २०१५ या काळात मध्य भारतातील विस्तृत प्रदेशावर पसरणाऱ्या अतिवृष्टीच्या घटना सुमारे तिप्पट झाल्या, आणि त्यांना लागणाऱ्या बाष्पाचा मोठा पुरवठा अरबी समुद्राकडून होतो.

यावर सर्वांचे एकमत आहे असे मात्र समजू नये. मुंबईच्या आय. आय. टी. मधील सुबिमल घोष आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २०१२ साली असा मुद्दा मांडला की, मोठ्या प्रदेशाची एकत्र बेरीज न करता स्थळवार पाहिल्यास अतिवृष्टीचा कल सर्वत्र सारखा आढळत नाही. कोठे वाढ, कोठे घट. निश्चित वाढते आहे ती स्थळास्थळांतील तफावत. महाबळेश्वर आणि वाई, कुलाबा आणि सांताक्रूझ ही उदाहरणे ज्याच्या डोळ्यांपुढे आहेत, त्यास या आक्षेपाचे वजन सहज पटेल. सह्याद्रीचीच गोष्ट घेतली, तर १९५१ ते २०१५ या काळात पश्चिम घाटाच्या प्रदेशातील हंगामी पाऊस घटत आल्याचे २०२० च्या राष्ट्रीय हवामानबदल अहवालात नमूद आहे. आणि त्याच घाटात २२ जुलै २०२१ रोजी महाबळेश्वरी चोवीस तासांत ५९४ मिलिमीटर पाऊस पडला, चिपळूण बुडाले आणि महाड तालुक्यातील तळिये गावावर दरड कोसळली. बेरीज उतरती आणि आघात चढता, या दोन्ही गोष्टी एकाच डोंगरावर खऱ्या असू शकतात.

यामागील भौतिक कारण समजावयास कठीण नाही. हवा एक अंश सेल्सिअसने तापली म्हणजे तिची बाष्प धारण करण्याची शक्ती सुमारे सात टक्क्यांनी वाढते. १९०१ ते २०१८ या काळात भारताचे सरासरी तापमान सुमारे ०.७ अंशाने वाढले, आणि अरबी समुद्राचा पश्चिम भाग त्याहूनही वेगाने तापला. ढगात बाष्पाचे पाणी होताना जी उष्णता मुक्त होते, ती वर चढणाऱ्या हवेस आणखी वर ढकलते. दहा-बारा किलोमीटरांहून उंच वाढणाऱ्या गर्जमेघास याच उष्णतेचे इंधन मिळते. बाष्प अधिक असल्यास असा मेघ अधिक पाणी थोड्या वेळात आणि थोड्या जागेत रिता करतो. परंतु सबंध देशावरून वाहणारा मोसमी प्रवाह बाष्पाबरोबर बलवान होतोच असे नाही. धूर व धूलिकणांनी सूर्यप्रकाश अडतो, जमीन आणि समुद्र यांच्या तापमानांतील अंतर कमी होते, आणि प्रवाह मंदावतो. यामुळेच संथ, दीर्घ, मध्यम पाऊस घटतो आणि मुसळधार पाऊस वाढतो. २६ जुलैची ती एक घटना मात्र तापमानवाढीमुळेच घडली असे म्हणणे शास्त्रास धरून होणार नाही. एखाद्या घटनेचे आणि दीर्घ मालिकेचे कारण सांगण्याची रीत भिन्न आहे.

तरीही दैनिक नोंद हे शेवटचे एकक नव्हे. १९७४ साली ५ जुलै रोजी कुलाब्यास चोवीस तासांत ५७५.६ मिलिमीटर पाऊस पडला होता; सांताक्रूझचा २००५ पूर्वीचा उच्चांक १० जून १९९१ रोजीच्या ३९९ मिलिमीटरांचा. पण शहर बुडते ते दिवसाच्या पावसाने नव्हे, तासाच्या पावसाने, आणि त्या तासात समुद्रास भरती आहे की ओहोटी यावरही बुडणे अवलंबून असते. तासवार नोंद ठेवणारी स्वयंलेखी यंत्रे निवडक वेधशाळांतच होती. तालुक्याच्या कचेरीतील मापक सकाळी एकदाच पाहिला जाई. त्यामुळे एकोणिसाव्या शतकातील एखाद्या तालुक्यात बारा इंच पाऊस वहीत दिसला, तर तो रात्रभर झिमझिमत पडला की दोन प्रहरांत कोसळला हे ती वही सांगत नाही. अशा वेळी अभ्यासकाने महसुली पत्रव्यवहाराकडे वळावयास हवे. तूट-सुटीचे अर्ज, वाहून गेलेल्या बांधांची व पुलांची दुरुस्ती, तलाव फुटल्याचे अहवाल, वृत्तपत्रांतील बातम्या यांत पावसाचे तास आणि त्याची दिशा कित्येकदा नोंदलेली असते. हवामानशास्त्रज्ञास मोडी वाचता येत नाही आणि दप्तरखान्यातील संशोधक पर्जन्याच्या वहीस इतिहासाचे साधन मानीत नाही. या दोहोंमध्ये हे साहित्य पडून राहिले आहे. जेथे एकाच दिवसाच्या पावसाचा आकडा आणि त्याच दिवसाचे कचेरीचे पत्र अशी दोन्ही साधने मिळतील, तेथे शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वीच्या मुसळधार पावसाचे स्वरूप बऱ्याच निश्चितपणे पुन्हा उभे करता येईल, आणि १९५१ च्या मागचा आजचा अंधार काहीसा उजळेल.

हे काम केवळ ज्ञानाच्या हौसेचे नव्हे, हे मुंबईच्या पर्जन्यजलवाहिन्यांच्या उदाहरणावरून दिसते. त्या जुन्या वाहिन्या तासाला २५ मिलिमीटर पाऊस आणि त्यातील निम्मे पाणी जमिनीत मुरेल असे धरून आखलेल्या होत्या. १९९३ साली महानगरपालिकेच्या तज्ज्ञांच्या अहवालाने हे मान तासाला ५० मिलिमीटर करावे आणि पाणी मुरेल अशी आशा धरू नये असे सुचविले. ते काम रेंगाळले, आणि २००५ नंतर माधवराव चितळे यांच्या अध्यक्षतेखाली नेमलेल्या सत्यशोधन समितीस पुन्हा त्याच आकड्यांपाशी यावे लागले. २६ जुलैच्या दुपारी सांताक्रूझ येथे एका तासात १९० मिलिमीटर पाऊस पडला होता. मुंबईतील रस्त्याखालच्या वाहिन्यांची जी कामे त्यानंतर हाती घेण्यात आली, ती तासाला ५० मिलिमीटर हेच मान धरून.